शोभाकाकूंच्या रेसची डिस्क अकोल्याला

एका गेमच्या डिस्कची कॉपी मला काय भावात पडली, ते आधी सांगतो. कोरी डिस्क तीस रुपयांची. त्यात अर्धा दिवस दुकान बंद, अकोल्याच्या एसटीत मूर्तिजापूरपर्यंत उभं, आणि वरून रफीकभाईचं हसणं... ते सगळ्यात महाग पडलं.

झालं असं, की डिसेंबरात वलगावच्या शोभाकाकू माझ्या अमरावतीच्या रिपेअरिंगच्या दुकानात आल्या. पिशवीतून रुमाल काढला, रुमालातून डिस्क. टीव्हीला जोडायच्या जुन्या कन्सोलवरचा कार रेसचा गेम. मला वाटलं, नातवाचा असेल.

नातवाचा नव्हता, त्यांचाच होता. मुलगा मंगेश नोकरीसाठी पुण्याला गेला आणि कन्सोल घरी राहिला. काकू आधी नुसती त्यावरची धूळ पुसायच्या, मग एक दिवस चालू करून पाहिला... आता शेतातून आल्यावर दुपारी तासभर त्या घाटातल्या ट्रॅकवर गाडी पळवतात.

रेस संपली की सगळ्यात कमी वेळात फेरी मारणाऱ्यांची यादी येते. पहिला मंगेश, दुसऱ्या काकू. मध्ये जेमतेम अर्धा सेकंद. संक्रांतीला तो घरी यायच्या आत काकूंना तो अर्धा सेकंद खायचा होता, आणि नेमका आता गेम तिसऱ्या फेरीत अडकायला लागला होता. ही डिस्क बाजारात मिळणं कधीच बंद झालंय.

मी म्हटलं, डिस्क पूर्ण जायच्या आत हिची एक कॉपी करून ठेवू. काकूंचा चेहराच उतरला.

"भाऊ, कॉपीत मंग्याचं नाव पुसलं तं? मंग मी हरवू कोणाले?"

नाव डिस्कवर नसतं, कन्सोलला लावलेल्या मेमरी कार्डात असतं, हे त्यांना पटायला दोन चहा लागले.

रविवारी वलगावला जाऊन कन्सोल पाहिला. यंदा भाव पडलेला, म्हणून घरोघरी कापूस भरून ठेवलाय. काकूंच्या बैठकीत तर खिडकीपर्यंत. त्याच ढिगाला टेकून टीव्ही, आणि खाली पाटावर कन्सोल.

मी अमरावतीच्या स्टँडवर कॅसेटच्या गाडीपासून सुरुवात केलेला माणूस. पंचवीस वर्षं मशीनला कान लावून पोट भरलंय. कन्सोलला कान लावला... खर्र... टक... टक... आणि डॉक्टरच्या थाटात सांगून टाकलं, काकू, डिस्कला आतल्या बाजूनं ओरखडा आहे.

कॉपी करायची तर डिस्क ड्राइव्ह पाहिजे. तो आता माझ्या दुकानात एकाही कॉम्प्युटरला उरलेला नाही. अकोल्याच्या रफीकभाईकडे आहे. एकेकाळी आम्ही दोघं एकाच होलसेलवाल्याकडून कॅसेटी उचलायचो.

रफीकभाईनं डिस्क उजेडात धरली, पुसली, ड्राइव्हमध्ये घातली. मी सांगितलं, हळू स्पीडवर वाच, नाजूक आहे. वीस मिनिटांत अख्खी डिस्क वाचून झाली. एकही एरर नाही. पुन्हा वाचली... तेच.

मग त्यानं शांतपणे विचारलं, मशीन कुठं ठेवलंय? मी सांगितलं, कापसाजवळ. तो जो हसायला लागला, की आतून भाभी बघायला आल्या.

"अबे, बुखार आया मशीन को, और तू उठा के लाया डिस्क को!"

तरी कोऱ्या डिस्कवर कॉपी करून घेतलीच. इतक्या जुन्या डिस्कची एक प्रत हाताशी असावी, हे त्यालाही मान्य होतं. कॉम्प्युटरवर घेतलेली फाइलही त्यानं जपून ठेवली.

दुसऱ्या दिवशी काकूंसमोर कन्सोल उघडला. आत डिस्क वाचणाऱ्या लेन्सभोवती कापसाचे तंतू, अगदी पक्ष्याच्या घरट्यासारखे. लेन्स पुसायला मी स्पिरिट काढलं आणि सवयीनं म्हटलं, काकू, जरा कापूस मिळेल का? त्या माझ्याकडे पाहत राहिल्या, मग त्या ढिगाकडे... आणि आम्ही दोघंही हसत सुटलो.

निघालेले तंतू मी फेकणार होतो. काकूंनी ते हातात घेतले, मांडीवर वळले आणि दिव्यासाठी वात करून ठेवली.

गेम लावला. तिसरी फेरी बिनबोभाट गेली. मग मी ऐटीत कॉपी पुढे केली. एरवी असे कन्सोल कॉपी घेत नाहीत, पण त्यांच्या कन्सोलला चिप बसवलेली आहे, त्यामुळे कॉपीही चालते. म्हटलं, रोज ही घाला, ओरिजिनल डिस्क ट्रंकेत ठेवा. माझ्या हातची कॉपी आहे, वीस वर्षं ओरिजिनलला हात लावायचं काम पडणार नाही.

संक्रांतीला काकूंनी तिळगुळाला बोलावलं. बैठकीत मायलेक टीव्हीसमोर. यादीत पहिलं नाव आई, दुसरं मंगेश, फरक सेकंदाचा दहावा भाग. मंगेश सकाळपासून आपली जागा परत मिळवायला बसलेला. घाटातल्या वळणावर गाडी घसरली, की म्हणायचा रिमोट खराब आहे.

"रिमोट बरा हाय," काकू तिळगुळ वळता वळता म्हणाल्या. "पुन्याले जाऊन तूच सुस्त झाला."

मला फार बरं वाटलं. रिपेअरिंगच्या धंद्यात बिघडलेली वस्तू रोज पाहायला मिळते, पण ती नीट चालू झालेली पाहायला कोणी बोलावत नाही. काकूंनी बोलावलं... त्याबद्दल त्यांचे आभार.

निघताना सहज विचारलं, माझी कॉपी कशी चालतेय?

काकूंनी अंगणाकडे हात केला. खेळायला पहिल्यापासून ओरिजिनलच डिस्क लावतात. कॉपी पेरूच्या झाडाला दोऱ्यानं बांधलीय, पोपट लय येत होते म्हणून.