झिलीची जागा

गोंदिया भंडाऱ्यापासून वेगळा झाला, त्याच्या पुढच्या साली मी बाईपासून वेगळी झाले. बाई म्हणजे माझी थोरली बहीण. आमची चौघींची भीमगीतांची पार्टी तिचीच. सानगडीपासून आंधळगावपर्यंत आमच्याशिवाय जयंती होत नसे. ओळ मी म्हणायची. मागून बाई आणि दोघी जणी त्याच ओळीचं शेपूट उचलायच्या. ती झील. गळा माझा, पण नाव पार्टीचं आणि हुकूम बाईचा. अकरा वर्षांनी माझं डोकं फिरलं. म्हटलं, मी एकटीची कॅसेट काढते.

बाई शांतपणे म्हणाली, "काढ ना. माह्या झिलीबगर तुले दोन ओळी तरी जमते काय, पाहू."

इरेला पेटून नागपूरला गेले आणि एका दिवसात आठ गाणी म्हणून आले. कॅसेटी छापून झाल्यावर भंडाऱ्याच्या दुकानदारानं एक लावली. माझी ओळ संपली आणि पुढे नुसती ढोलकी. दुसरी ओळ, पुन्हा ढोलकी. प्रत्येक ओळीमागे मी सवयीनं झिलीसाठी थांबले होते! वादकही पार्ट्यांतलेच, त्यांनाही ते खटकलं नव्हतं.

"मधामधात गाणं बंद कायले पडून राहिलं, ताई?" दुकानदारानं विचारलं. बाई म्हणाली तेच खरं ठरलं होतं.

त्या जयंतीला आंधळगावच्या पोरांनी मिरवणुकीआधी भोंग्यावर नेमकी तीच कॅसेट लावली. समोर बाई उभी, संध्याकाळी तिच्या पार्टीचा कार्यक्रम होता. मी मंडपाच्या कनातीआड. पहिली ओळ झाली, ढोलकी वाजत राहिली. लोक भोंग्याकडे पाहू लागले. दुसरी झाली. वाटलं, धावत जाऊन वायर उपटावी.

तिसऱ्या ओळीला भाजी चिरणाऱ्या बायांनी झील उचलली. मान वरही न करता, विळीवरचा हात न थांबवता. पुढच्या ओळीला पोरंसोरं, मग अख्खा मंडप. पुढे दोन महिने ती कॅसेट ऑटोऑटोत वाजली, दुकानदाराला पुन्हा मागवावी लागली, आणि सगळे त्या रिकाम्या जागांतच गायचे. पण त्या सकाळी माझं लक्ष एकाच तोंडाकडे होतं, आणि ते मिटलेलं होतं.

शेवटच्या गाण्याला ते उघडलं. एवढ्या गर्दीतही मला तिचा आवाज वेगळा ऐकू आला.

पोरं "पुन्हा लावा" ओरडत होती, तेव्हा ती कनातीआड आली. माझ्याकडे न बघता म्हणाली, "जागा बरोबर सोडली वं तू. माह्या दमाएवढीच."

इतका वेळ दाबून धरलेलं रडू मग मला आवरलं नाही.