लंबगोल ट्रॅकवरची सायकल

पस्तिशी आली तरी मला सायकल येत नव्हती, आणि नेदरलँड्समधल्या न्यूनेन गावात सायकल न येणं म्हणजे चालता न येण्यासारखंच. लॉकडाउनमध्ये नवरा दिवसभर लॅपटॉपसमोर मीटिंगमध्ये, म्हणून शेजारच्या डच आजींनी मला शिकवायचं मनावर घेतलं. गावाबाहेर मोटारशर्यतींचा जुना लंबगोल ट्रॅक होता, तेव्हा बंद असलेला. आजींचे दिवंगत पती तिथे शर्यतीत गाडी चालवायचे.

नियम दीड मीटर अंतराचा, त्यामुळे मागून सीट धरायला कोणी नाही. आजी मधल्या गवतावर उभ्या राहून मला इंग्रजीत ट्रॅकचा इतिहास सांगायच्या. आधी इथे बटाट्याचं शेत होतं, मग मातीचा ट्रॅक झाला, डांबर फार नंतर आलं. गाड्या कायम डावीकडेच वळायच्या. बाहेरच्या भिंतीवर अजून त्यांच्या रंगांचे ओरखडे होते. मला वैताग यायचा. इथे माझा तोल जातोय आणि यांना बटाटे सुचतायत!

एका वळणावर मी त्या भिंतीवरच आपटले. आजी दोन्ही हात पुढे करून धावत आल्या आणि दीड मीटरवर थबकल्या. हात तसेच हवेत. मी गुडघा झटकत, चिडून, एकटीच उठले.

आजी भिंतीकडे बघत म्हणाल्या, "माझा नवरा इथे तीनदा आपटला. तिन्ही वेळा मी त्याला ओढून बाहेर काढलं."

मग त्यांनी ते हात सावकाश कोटाच्या खिशात घातले.