धुक्यात सांगितलेलं रेनेचं गाव

रियाधहून आम्ही फजरच्या (पहाटेच्या) नमाजानंतर निघालो, तेव्हा मागच्या सीटवर रस्त्यांच्या मूळ नकाशांच्या नळ्या होत्या आणि त्यांच्यावर आमच्या फ्रेंच इंजिनिअरचा, रेनेचा गॅस मास्क. १९९१ चा जानेवारी होता. शहरावर क्षेपणास्त्रं पडू लागली होती. आमच्या कंपनीने युरोपियन इंजिनिअरांना मास्क दिले आणि आम्हा ड्राफ्ट्समन मंडळींना एक छापील कागद. ओला टॉवेल तोंडावर कसा धरावा, हे त्यात तीन भाषांत समजावलं होतं. नकाशे मात्र दक्षिणेला, अबहाच्या डोंगरात सुरक्षित हलवायचे ठरले.

नकाशे पोचवून रेने तिथूनच विमानाने जिद्दा आणि पुढे फ्रान्सला जाणार होता. मी गाडी घेऊन परत रियाधला. माझा पासपोर्ट कफीलच्या (हमीदार मालकाच्या) तिजोरीत होता आणि तिजोरी रियाधच्या अल मलाझ भागात.

वाळवंटात पाहण्यासारखं फार नसतं, म्हणून रेने त्याचं गाव सांगत राहिला. पिरनीज पर्वतात, स्पेनच्या सरहद्दीलगत, दरीतला रस्ता जिथे संपतो तिथे ते आहे. पाटीच्या दगडांची छपरं, मधून ओढा, वर आठ-नऊशे वर्षांचं चर्च. उन्हाळ्यात मेंढ्या वर जातात, थंडीत बर्फ खाली येतो. एका हिवाळ्यात बर्फाचा कडा सुटला आणि खालची वाडी गाडली गेली. पूर्वी तिथले लोक खिंडीतून खेचरांवर मीठ आणि लोकर नेत. त्या खिंडीतून एक राजा गेला होता. राजा तिथे थांबला नव्हता, हे मला दुसऱ्यांदा ऐकताना कळलं. गावातून निघालेली मुलं बिशप झाली, एक मंत्री झाला.

मला हेवा वाटला, हे कबूल करतो. बिशप त्याचे त्याला लखलाभ. पण माणसाला आपलं गाव असं पाठ असावं आणि चार दिवसांत तो तिथे चुलीपुढे बसलेला असावा, हे मला सोसेना. चार वर्षांत या देशात माझा इकामा (राहण्याचा परवाना) शंभरदा विचारला गेला होता. गाव कोणी विचारलं नव्हतं. रेनेनेही नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी घाट चढताना धुकं उतरलं. बॉनेटपलीकडे दिसेना. रस्त्याकडेला दगडमातीचं घर लागलं, तिथे थांबलो. भिंतींतून पाटीच्या दगडांच्या ओळी बाहेर आल्या होत्या, पावसाचं पाणी मातीवर येऊ नये म्हणून. खाली पायऱ्यापायऱ्यांची शेतं धुक्यात बुडालेली.

"हे तर आमच्यासारखंच," रेने म्हणाला.

घरधनी अबू सईद सत्तरीचा असावा. डोक्याला पागोटं, अंगावर मेंढीच्या कातड्याचा कोट. त्याने आम्हाला आत नेलं, कहवा दिला आणि हात गुडघ्यावर ठेवून म्हणाला, "आता उलूम सांगा." या डोंगरात रीत आहे: पाहुण्याने पहिल्या कपानंतर आपली उलूम (खबरबात) द्यायची. कुठला, गाव कसं, माणसं कशी. यजमान मध्ये बोलत नाही.

अखेर कोणीतरी विचारत होतं.

"आधी हा," अबू सईद रेनेकडे हात करून म्हणाला. "हा लांबचा."

रेनेला अरबी येत नव्हती. सरकारी खिडक्यांवर घासून माझी बरी झाली होती. तो इंग्रजीत सांगू लागला, मी अरबीत. आणि इथे मी नीचपणा केला. रेनेने चर्चच्या कमानींचं वर्णन केलं, मी म्हणालो, "प्रार्थनेची एक जुनी जागा आहे." राजा मी गाळलाच. बर्फाचा कडा त्याने नाटकासारखा सांगितला, माझ्याकडून एवढंच गेलं, "एकदा डोंगर खाली आला. माणसं गेली." बिशप आणि मंत्र्याचं मी केलं, "पोरं शहरात गेली. परत आली नाहीत."

अबू सईदचा कप हातातच राहिला.

"त्याला विचार," तो हळू म्हणाला, "मग बांध कोण घालतं?"

रेने म्हणाला, "माझे वडील. एकटेच."

हे मात्र मी होतं तसं सांगितलं.

"माझा एक मुलगा जिद्द्याला, दुसरा फौजेत, उत्तरेला सरहद्दीवर," अबू सईद म्हणाला. "इथले बांध मीच घालतो." त्याने आतून अरीका (तूप-मधात कुस्करलेली रोटी) आणवली, मध जिथे साचला होता ती बाजू रेनेपुढे फिरवली आणि त्याचा हात धरून बसला.

"आणि तू, भाऊ?"

आता कसर भरून काढायची होती. मी सांगितलं की आमचं बंदर प्राचीन, आमचे पूर्वज अरब व्यापारी, समुद्रात आमचा किल्ला, खाडीत शेकडो गलबतं. किल्ला शेजारच्या गावचा आहे. गलबतं मीही पाहिलेली नाहीत.

"माशाल्लाह," अबू सईद अदबीने म्हणाला आणि माझा कप भरला. प्रश्न एकही विचारला नाही.

धुकं उठल्यावर निघालो. म्हाताऱ्याने रेनेला मिठी मारली, मला सलाम केला.

"तुम्ही त्यांना काय सांगितलंत?" गाडीत रेनेने विचारलं.

"तुम्ही सांगितलंत तेच."

विमानतळावर तो उतरला. मास्क मागेच राहिला. "तुम्हाला लागेल," म्हणाला. परतीच्या वाटेवर तो मास्क बाजूच्या सीटवरून माझ्याकडे बघत होता.

युद्ध संपल्यावर रेनेचं पोस्टकार्ड आलं. त्यावरच्या चित्रातलं चर्च मी सांगितलं त्याहूनही साधं होतं. मागे लिहिलं होतं, "माझं गाव इतकं मन लावून कोणी ऐकलं नव्हतं. आभार." मी उत्तर पाठवलं नाही.

पण अल मलाझच्या माझ्या खोलीत, युद्धात काचांवर लावलेल्या चिकटपट्ट्या खरवडून काढताना, मी मनातल्या मनात अबू सईदला माझी उलूम पुन्हा दिली. खाडी आहे. मशिदीची कौलं दर पावसाळ्यात उडतात. जांभ्याचा गडगा पडला की आई एकेक दगड परत रचते. पोरं आखातात गेली, त्यांतला एक मी.