हाड म्हटलं की येणारी

बाळांनो, त्या दिवशी व्हिडिओ कॉलवर माझ्यामागे अंगणात झोपलेली दोन कुत्री पाहून तुम्ही हसलात. पायांची माती नको म्हणून फाटकाला कडी घालणारी तुमची आजी, आणि तिच्याकडे ही दोघं?

काळा कुत्रा शेजारच्या बकऱ्यावाल्या भाऊंचा. सकाळी बकऱ्यांसोबत जंगलाच्या कडेला जायचा, संध्याकाळी त्या घरी परतल्या की मगच भाताला तोंड लावायचा. कोणी 'यू यू' केलं तरी मान वळवायचा नाही. तांबडी कुत्री कोणाचीच नव्हती. राइस मिलच्या कोंड्यावर झोपायची, दारोदार फिरायची. प्रत्येक दारात 'हाड' एवढंच ऐकून ते आपलं नावच आहे असा तिचा समज झाला होता. मी झाडू उगारून 'हाड' म्हटलं की शेपटी हलवत जवळ यायची.

दिवाळीच्या आधी बिबट्याने काळ्याला धरलं. गळ्यातल्या खिळ्यांच्या पट्ट्याने जीव वाचला, पण मांडी फाटली. डॉक्टरांनी टाके घातले. हलू दिलंत तर पाय जाईल, म्हणाले. तरी बकऱ्या निघाल्या की तो उठायचा, आणि जखम पुन्हा वाहायची.

"बांधलं त दोरी कुरतडते बाई," भाऊ म्हणाले. "सुटी काय असते, याले मालूमच नाई. दिवसभर तुमच्या अंगणात ठेवू का? फाटक पक्कं हाये."

मी हो म्हटलं. बकऱ्यांच्या घंटा दूर गेल्या तसा तो लंगडत उठला आणि फाटकाला नाक लावून कण्हू लागला. तेवढ्यात फाटकाखालून तांबडी डोकावली.

"हाड," मी म्हणाले.

ती लगेच सरपटत आत आली. त्याला हुंगलं आणि खुशाल उन्हात पसरली. तो बराच वेळ उभा राहिला. मग तिच्या पाठीला पाठ लावून बसला, आणि झोपला. मी झाडू खाली ठेवला.

रोज तसंच होऊ लागलं. जखम भरत आली.

"तुमच्या कुत्रीनं याले आळशी करून टाकलं बाई," एकदा भाऊ हसले.

"माझी कुठली?"

"तुम्ही बलावता, ते येते. मंग कोनाची?"

आता काळा थोडा लंगडत पुन्हा बकऱ्यांमागे जातो. भाऊ बकऱ्या नेत नाहीत त्या सुटीच्या दिवशी मात्र आपणहून माझ्या अंगणात येतो. मी भाताच्या दोन ताटल्या वाढते आणि फाटकाशी जाऊन हाक मारते, "हाड." हल्ली जरा हळू म्हणते.