मेंढरांचा हॅशटॅग

मी सांभाळते त्या दौंडच्या कॉलेजच्या ग्रंथालयात शिरूरकडची एक मुलगी रोज खिडकीपाशी बसते आणि नखं कुरतडते. तिचा प्रबंधाचा विषय ठरत नाही. सुचलेला प्रत्येक विषय ती आधी इन्स्टावर टाकते आणि लोक काय म्हणतात ते बघते.

“लाइक देणारे तुझा प्रबंध तपासणार आहेत का?” मी विचारते.

“न्हाई मॅडम, पण कुणाला त्यात रस हाय का, ते तरी कळतंय.”

काल तिनं वडिलांच्या मेंढरांचा व्हिडिओ टाकला. विषय, मेंढपाळांची वाट. नुसतं ‘मेंढपाळ’ लिहून व्हिडिओ फार लोकांपर्यंत पोचत नाही, म्हणून कळप सध्या पाटसजवळच्या ज्या गावात बसलाय, त्या गावाचाही हॅशटॅग दिला. व्हिडिओ पोचला. आज एका अनोळखी माणसानं खाली विचारलं, “राखणीला कुत्री किती?”

व्हिडिओ पुसून तिनं लगेच वडिलांना फोन लावला. “आप्पा, मेंढरं आजच हलवा.”

पलीकडचा आवाज मलाही ऐकू आला. “कशी हलवू? खतासाठी अजून दोन रात्री शेतात बसवायचा शब्द दिलाय शेतकऱ्याला.”

पुस्तकं टेबलावर तशीच टाकून तिनं पिशवी उचलली. एरवी मी रागावले असते.

“आणि विषय?” मी विचारलं.

“मेंढरं राहिली, तर त्योच,” म्हणाली आणि पाटसच्या एसटीकडे पळाली.