अठ्ठेचाळीस खासदार आणि आमची पायवाट

वाट बंद झाली त्या सोमवारी मी कामावर अर्धा तास उशिरा पोचले. मुलुंडच्या एका वर्कशॉपमध्ये मी पॅकिंगला होते. सुपरवायझरने विचारलं, "काय झालं?" मी म्हटलं, "वाटेत पत्रे उभे केलेत." त्याला वाटलं, मी बहाणा सांगतेय. त्याने अर्धा दिवस कापला.

आमची चाळ पूर्व उपनगरात आहे. चाळ आणि मोठा रस्ता यांच्यामध्ये केंद्र सरकारच्या एका खात्याची पडीक जमीन आहे. गवत, बाभळी आणि दोन पडक्या शेड, बाकी काही नाही. त्या जमिनीतून तिरकी जाणारी एक पायवाट होती. पलीकडे म्युनिसिपालिटीची शाळा, प्रसूतिगृह, बाजार, बसस्टॉप. चालत सात मिनिटं. पत्र्यांच्या जागी पंधरा दिवसांत सिमेंटची भिंत आली आणि त्या सात मिनिटांची पस्तीस झाली, तीही हायवेच्या कडेने, फुटपाथ नसलेल्या बाजूने. पहिल्याच आठवड्यात शाळेत जाणारी एक मुलगी बाईकच्या धक्क्याने पडली. हात मोडला. थोडक्यात निभावलं, असं सगळे म्हणाले. मला ते 'थोडक्यात' आवडलं नाही.

या वाटेशी माझं नातं जुनं. सासरे गिरणी कामगार. गिरणी बंद पडल्यावर परळची खोली सोडून ते इकडे आले आणि घर चालवायला सासूबाई त्या प्रसूतिगृहात आया म्हणून लागल्या. बावीस वर्षं त्या रोज त्याच वाटेने गेल्या आणि आल्या. माझ्या धाकट्याच्या वेळी कळा सुरू झाल्या तेव्हा रिक्षा मिळेना, म्हणून मी सासूबाईंचा हात धरून तीच वाट चालत गेले होते. मध्ये दोनदा थांबलो. थांबायला एक दिव्याचा खांब होता, त्याला धरून उभी राहिले होते.

आम्ही नगरसेवकाकडे गेलो. तो म्हणाला, जमीन केंद्राची, माझ्या हातात नाही. आमदाराच्या ऑफिसात गेलो, तिथेही तेच. "खासदारांना भेटा." मतदान करताना आपण खासदार निवडतो ते नेमकं कशासाठी, हा विचार मी तोवर फारसा केलेला नव्हता. दिल्लीला कोणी तरी असतो, बस.

खासदारांच्या ऑफिसात मी दर शनिवारी जाऊ लागले. सोबत शेजारची लातूरची पोरगी असायची. चाळीत आम्ही बायका एकमेकींना गावावरूनच ओळखतो. तिचं नाव लातूरची, मी मालवणची, समोरच्या खोलीतली धुळ्याची. खासदारांचा पीए तिशीचा, गोड बोलणारा. पाच शनिवार त्याने चहा पाजला. सहाव्या शनिवारी साहेब भेटले. शांत माणूस. त्यांनी नीट ऐकलं, दोन प्रश्न विचारले आणि म्हणाले, "मी लोकसभेत प्रश्न टाकतो. लेखी उत्तर येईल." आम्ही पेढे वाटायचेच बाकी ठेवले होते.

अधिवेशन सुरू झालं आणि एका दुपारी पीएचा मेसेज आला. "ताई, तुमचा प्रश्न लागला." खाली उत्तराची फाईल. इंग्रजीत आणि हिंदीत होती. हिंदी मला वाचता येतं. प्रश्नाचे चार भाग होते. पहिल्यात विचारलं होतं, या जमिनीतून नागरिकांची जुनी पायवाट जाते का. उत्तर होतं, खात्याच्या नोंदीत अशी कोणतीही वाट नाही. पुढे, वाट बंद केल्याने लोकांची गैरसोय झाली का, पर्यायी वाट देणार का, कधी देणार. त्या तिन्ही भागांना मिळून एकच ओळ: प्रश्न नहीं उठता.

संध्याकाळी चाळीच्या गॅलरीत मी ते वाचून दाखवलं. सासूबाई कोथिंबीर निवडत बसल्या होत्या. त्यांनी मला पुन्हा वाचायला सांगितलं. मग म्हणाल्या, "वाट नाय म्हणतत? मगे मी बावीस वर्सां खंयसून जाय होतंय?"

कोणी हसलं नाही. धुळ्याची म्हणाली, "दिल्लीत लिहिलं म्हणजे झालं ना. आता काय करणार?"

मला त्या एका ओळीचा जेवढा राग आला तेवढा भिंतीचाही आला नव्हता. भिंत बांधली, ठीक आहे, जमीन त्यांची. पण आम्ही चाललोच नाही असं कोणी कागदावर लिहावं, आणि तेही देशाच्या सभागृहात, हे मला गिळता येईना.

शनिवारी मी एकटीच ऑफिसात गेले. पीए म्हणाला, "साहेबांनी त्यांच्या परीने केलं ताई. उत्तर आलं की विषय संपतो."

"पुन्हा विचारा ना."

"तोच प्रश्न पुन्हा घेत नाहीत."

"मग दुसऱ्या कोणी विचारला तर?"

तो हसला. "दुसरं कोण विचारणार तुमच्या चाळीबद्दल? आपल्या भागाचे खासदार एकच."

घरी येताना पस्तीस मिनिटांच्या त्या वळशावर मी हेच घोळवत होते. भागाचे एक, बरोबर. पण महाराष्ट्रातून लोकसभेत अठ्ठेचाळीस जातात, हे मी मुलांचा नागरिकशास्त्राचा अभ्यास घेताना पाठ केलं होतं. आणि आमच्या चाळीत तरी फक्त इथलीच माणसं कुठे राहतात?

रविवारी दुपारी मी सगळ्या बायकांना चाळीचा सत्यनारायण होतो त्या खोलीत बोलावलं. धाकट्याने लोकसभेच्या संकेतस्थळावरून महाराष्ट्राच्या खासदारांची यादी छापून आणली होती, पत्त्यांसकट. मी म्हटलं, "जिचं माहेर ज्या मतदारसंघात, तिने त्या खासदाराला पत्र लिहायचं. मी तुमच्या भागातली लेक, आता मुंबईत राहते, असं लिहायचं. पुढे वाटेचं."

लातूरची लगेच बसली. साताऱ्याच्या दोघी होत्या, त्यांच्यात भांडण लागलं कोण लिहिणार म्हणून. धुळ्याची म्हणाली, "माझं अक्षर घाण आहे." मी म्हटलं, "खासदाराला वाचायला पगार मिळतो, लिही." ज्या मतदारसंघांचं चाळीत कोणी नव्हतं, त्यांची माणसं आम्ही बाहेर शोधली. प्रसूतिगृहातली एक नर्स गडचिरोलीची निघाली. शाळेच्या खिचडी शिजवणाऱ्या मावशी नंदुरबारच्या. बुलढाण्याचा म्हणून आमच्या वर्कशॉपचा वॉचमन लिहायला तयार झाला. त्याच्या दोन्ही मुली त्याच शाळेत होत्या. काही जागांना माणूस मिळालाच नाही. तिथे मी स्वतः लिहिलं, 'तुमच्या भागातलं आमच्याकडे कोणी नाही, तरी तुम्ही महाराष्ट्राचे आहात म्हणून लिहिते.' तीन रविवार लागले. आमच्या भागाच्या साहेबांनाही एक पत्र गेलं. अठ्ठेचाळीस पत्रं मी पोस्टात रजिस्टर केली. खिडकीतला माणूस वैतागला, पण पोचपावत्या दिल्या त्याने.

आठ दिवसांनी पीएचा फोन आला. आवाजात गोडवा नव्हता. साहेब मुंबईत आहेत, ताबडतोब या.

साहेबांच्या टेबलावर आमच्या पत्रांच्या तीन झेरॉक्स होत्या. दुसऱ्या खासदारांनी त्यांना पाठवल्या होत्या. ते म्हणाले, "मला न सांगता तुम्ही सगळीकडे पत्रं धाडलीत. सभागृहात लोक मला विचारतात, तुमच्या मतदारसंघातल्या बायका आम्हाला का लिहितात? मी काय सांगू?"

मी भ्याले होते, हे खरं सांगते. पण खाली बघितलं नाही.

"सांगा, की आम्ही चाललेली वाट सरकार नाही म्हणतंय, म्हणून लिहितात."

"याने माझी नाचक्की होते."

"साहेब, तुम्ही प्रश्न विचारलात, त्याचे उपकार आहेत. पण आमचा प्रश्न उठत नाही असं उत्तर आलं, तेव्हा तुम्ही तिथे उठलात का?"

पीए मध्ये बोलायला लागला. साहेबांनी त्याला हाताने थांबवलं. तिन्ही झेरॉक्स एकावर एक नीट ठेवल्या. मग म्हणाले, "लेखी उत्तरावर उठून बोलता येत नाही, ताई. तशी पद्धत नाही."

"मग पद्धत असेल ते करा. आम्ही आमच्या पद्धतीने करतो."

मी उठून आले. बाहेर थांबलेल्या लातूरचीने पाण्याची बाटली दिली, ती मी एका दमात संपवली.

अठ्ठेचाळीसांपैकी बहुतेकांनी काहीच कळवलं नाही. काहींची छापील पोच आली, 'आपले पत्र मिळाले, योग्य कार्यवाहीसाठी पाठवत आहोत.' एकाने तर दिवाळीचं शुभेच्छापत्र पाठवलं, आमचे पत्ते मिळाले म्हणून. पण मराठवाड्यातल्या एका खासदारांचा थेट फोन आला. माझ्या नंबरवर, स्वतः. मी पॅकिंगच्या टेबलावर होते, मागे मशीन धडधडत होतं.

"त्या वाटेवर बांधलेलं काही आहे का?" त्यांनी विचारलं. "पायऱ्या, नळ, गटार, काहीही."

"दिव्याचा खांब आहे. भिंतीच्या आत अडकलाय आता."

"त्याच्यावर नंबर असेल."

"असेल. बघते."

"नंबर आणि फोटो पाठवा. वाट आहे का विचारलं की त्यांना नाही म्हणता येतं. खांब आहे का विचारलं की जरा अवघड जातं."

धाकटा भिंतीवर चढला आणि त्याने फोटो काढला. नंबर पांढऱ्या रंगात होता, अर्धा उडालेला, पण वाचता येत होता.

पुढच्या अधिवेशनात त्यांचा प्रश्न लागला. या जमिनीत अमुक नंबरचा खांब आहे का, तो कोणाच्या परवानगीने उभा राहिला, त्याचा उजेड कोणासाठी होता. उत्तर आलं ते यावेळी लांब होतं. खांब असल्याचं मान्य होतं. जागेची पाहणी झाली आहे आणि पादचाऱ्यांसाठी भिंतीत एक गेट देण्यात येत आहे, असं शेवटी लिहिलं होतं. 'नहीं उठता' कुठेच नव्हतं. मी पुन्हा पुन्हा शोधलं.

गेट खरंच बसलं. लोखंडी, एक माणूस जाईल एवढं, आणि त्याला कुलूप. चार दिवसांनी खात्याचा एक अधिकारी फॉर्म घेऊन चाळीत आला. त्यावर सगळ्यांनी सह्या केल्या की कुलूप काढू म्हणाला. मी फॉर्म वाचला. सदर जागेत कोणतीही वाट नव्हती व नाही, हे आम्हाला मान्य आहे. खात्याने मेहेरबानी म्हणून दिलेली ही सवलत आहे, आमचा त्यावर कोणताही हक्क नाही.

काही जणी पेन शोधायला लागल्या. त्यांना दोष देत नाही. लेकरं रोज हायवेने जात होती. सासूबाईंनी फॉर्म हातात घेतला, चष्मा लावून बघितला आणि परत दिला. "मी सही करूक शिकलंय ती ह्या खोट्याखाली घालूक नाय."

अधिकारी म्हणाला, "आजी, मग गेट उघडणार नाही."

मी घरातून लोकसभेच्या उत्तराचा कागद आणला. "साहेब, यात लिहिलंय गेट देत आहोत. सह्या घेऊन देऊ असं कुठे लिहिलंय, दाखवा."

त्याने वाचलं. कागद माझ्या हातात परत दिला.

"फॉर्मशिवाय उघडत नसाल तर तसं लिहून द्या," मी म्हटलं. "ज्यांनी प्रश्न विचारला त्यांना कळवते, की सभागृहात दिलेलं उत्तर खरं नव्हतं."

"मी साधा माणूस आहे बाई. वरून फॉर्म दिला, मी आणला."

"मग वर सांगा, की चाळीने सही केली नाही."

तो गॅलरीच्या टोकाला जाऊन फोनवर बोलला. खूप वेळ बोलला. आम्ही सगळ्या उभ्याच होतो, कोणी खोलीत गेली नाही. मग तो आला, फॉर्म बॅगेत टाकला आणि किल्ली काढली. गेट उघडल्यावर आम्ही सासूबाईंना पुढे घातलं. गुडघ्यांमुळे त्यांना दर दहा पावलांवर थांबावं लागत होतं. गवत वाढलेलं होतं, वाट दिसत नव्हती, पण त्यांनी एकदाही विचारलं नाही की कुठून जायचं.

दुसऱ्या दिवशी गेटवर फ्लेक्स लागला. आमच्या भागाच्या साहेबांचा फोटो आणि 'अथक प्रयत्नांना यश'. मी आणि लातूरचीने दोऱ्या सोडल्या, फ्लेक्सची नीट घडी घातली आणि पीएच्या टेबलावर नेऊन ठेवली. त्याने ती टेबलाखाली सरकवली. साहेब मात्र पुढच्या वेळी मतं मागायला आले ते त्या गेटमधून चालत आले, गाडी पलीकडे ठेवून. मला नमस्कार केला. मीही केला. मत कोणाला दिलं ते सांगणार नाही.

गेट सकाळी सहाला उघडतं आणि संध्याकाळी सातला बंद होतं. दुसऱ्या पाळीच्या बायका अजून हायवेनेच येतात. ते आम्हाला मान्य नाही. या वेळी पत्रं राज्यसभेतल्या महाराष्ट्राच्या एकोणीस जणांनाही गेली आहेत. त्यांना आम्ही निवडलेलं नाही, आमच्या आमदारांनी निवडलंय, असं मला धाकट्याने समजावलं. मी म्हटलं, निवडून तर आलेत ना, मग पाकिटावर पत्ता घाल.