मला न विचारता दाबलेलं बटण

मंडळातल्या बायांनो, फळ्यावरचं हे माझं बोलणं सून लिहिते आहे. तिच्या नवऱ्याबद्दल आहे, म्हणून अक्षर मुद्दाम टपोरं काढते आहे.

पाय मोडल्यापासून महिनाभर मी खाटेवर आहे. नातीनं तिचा हातातला विटांचा व्हिडिओ गेम दिला. आकडे मला कळतात. आज मी गुणांत तिच्यापुढे जाणार होते.

दुपारी जेवायला मधलं बटण दाबून खेळ थांबवला. तेच पुन्हा दाबलं की खेळ होता तिथूनच सुरू होतो.

तेवढ्यात माझा मास्तर मुलगा आला. "माय, हाई तं बंद पडनं," म्हणाला, बटणांवरचं इंग्रजी वाचलं आणि शेजारचं दाबलं. बठ्ठं गयं, जमवलेले सगळे गुण पुसले गेले.

वर हसला. "खेळच शे ना, माय."

"तुना तपासेल पेपर चुल्हामा टाकू का? कागदच शेतस ना."

मग त्याचं हसू गेलं. माझा राग अजून आहे. मला अक्षर येत नाही, पण कुठलं बटण काय करतं ते येतं. मी समोर जेवत होते, तरी त्यानं मला विचारलं नाही. तुमच्या घरी विचारतात का?